फाटकवाल्याचा गुराखी
(हंगेरीतील एका विनोदी चित्रपटाच्या निमित्ताने)



आजच्या विषयाची पाटी वाचून काही मंडळी बुचकळ्यात पडली असतील. कामगार संघटनेत तीस वर्षे घालवलेल्या माणसाने बोनसवर बोलावे, कंत्राटी कामगारांवर बोलावे. हा हंगेरीतल्या खेड्यावरच्या विनोदी चित्रपटाकडे कुठे वळला? शंका रास्त आहे. मी कॉलेजची पायरी चढलेलो नाही आणि हंगेरी नकाशातच पाहिली आहे. जे थोडेफार वाचले ते रात्रपाळी संपल्यावर आणि मोर्चाची माणसे जमेपर्यंत. पण विषय मी निवडला नाही, तो एका म्हाताऱ्या हमालाने माझ्या गळ्यात घातला. ती हकीकत आधी सांगतो.

आमच्या संघटनेच्या कचेरीत रविवारी कधीमधी परदेशी चित्रपट पडद्यावर दाखवतात. खाली इंग्रजी ओळी येतात, ज्याला जमते तो बाकीच्यांना मराठीत सांगतो. एका रविवारी 'इंदुल अ बक्तेरहाझ' नावाचा हंगेरियन चित्रपट लावला. आपल्या भाषेत 'निघालं फाटकवाल्याचं घर' असे काहीसे म्हणता येईल. शांदोर मिहायफी यांनी दूरचित्रवाणीसाठी केलेला हा चित्रपट १९८० सालचा. त्यातली वाक्ये तिकडे आजही लोकांना तोंडपाठ आहेत. गोष्ट साधीच आहे. बेंदेगूझ नावाचे एक वांड पोर. आई त्याला रेल्वेच्या फाटकवाल्याकडे गुरे राखायला ठेवते. फाटकवाल्याच्या गायी दोन, पण संकट एकच: त्याची सासू. ही बाई घरात येऊन ठाण मांडते आणि घराचे रणांगण होते. तिचे कुठेतरी लग्न लावून तिला वाटेला लावावी, असा जावयाचा बेत. तिच्या गाठीला पैसा आहे या वासाने गावातले उडाणटप्पू घिरट्या घालू लागतात. हे सगळे त्या पोराच्या तोंडून, अगदी भाबडेपणाचा आव आणून सांगितलेले आहे.

मंडळी पोट धरधरून हसली. पुढे बसलेला आमचा एक निवृत्त हमाल तेवढा हसला नाही. दिवे लागल्यावर त्याने मला विचारले, "भाऊ, समदं खरं, पण त्या पोराला पगार किती?"

मला उत्तर देता आले नाही. त्या उत्तराचा शोध घेता घेता मी जिथवर पोचलो, ते आज तुमच्यापुढे मांडतो.

हंगेरीत गुराख्याचे साल सेंट जॉर्जच्या दिवसापासून, म्हणजे २४ एप्रिलपासून धरत. त्या दिवशी गुरे कुरणात निघत. सप्टेंबरअखेर सेंट मायकेलच्या किंवा ऑक्टोबरात सेंट डिमिट्रियसच्या दिवशी ती परत येत आणि हिशेब होई. हिशेब बहुधा पैशात नसेच. धान्य, जुने कपडे, एखादा बुटांचा जोड आणि दोन वेळचे खाणे. लहान पोराच्या बाबतीत घरातले एक खाणारे तोंड कमी झाले, हाच आईबापांचा मोठा नफा. आपल्याकडे पाडव्यापासून पाडव्यापर्यंत सालदार ठेवतात, ते ज्यांनी पाहिले आहे त्यांना याहून जास्त सांगायला नको. माझे वडील नवव्या वर्षी असेच एका घरी गुरांमागे गेले. ते म्हणत, सालाच्या शेवटी मालकाने पायताण दिले, ते दोन बोटे मोठे होते. पुढच्या साली यावे म्हणून.

आता सेंट जॉर्जच्या दिवसाभोवतीच्या चाली पाहा. त्या रात्री चेटकिणी गायीचे दूध पळवतात, म्हणून गोठ्याच्या दाराला काटेरी फांद्या लावायच्या. पहाटे दुसऱ्याच्या कुरणातले दव फडक्याने टिपून आणले की त्याच्या गायीचे लोणी आपल्या घरी येते. ऐकून हसू येते. पण ज्या घरात एकच गाय आहे आणि ती आटली तर हिवाळा कसा काढायचा हा प्रश्न आहे, त्या घरातल्या बाईला ते दव टिपताना हसू येत नसणार.

या चित्रपटाची मूळ कादंबरी लिहिणारा शांदोर रिदेग १९०३ साली गरीब शेतकरी घरात जन्मला. बालपणी त्याने गुरे राखली. पुढे बुडापेस्टला जाऊन मजुरी केली, कामगार चळवळीत पडला. आणि ही कादंबरी प्रथम कुठे छापली गेली? १९३९ साली 'नेपसवा' या दैनिकात, क्रमशः. नेपसवा म्हणजे 'लोकांचा आवाज'. सोशल डेमोक्रॅट पक्षाचे आणि कामगार संघटनांचे ते मुखपत्र. पुस्तक १९४३ मध्ये आले. मला हे कळले तेव्हा मी खुर्चीत सरळ बसलो. ही गोष्ट पहिल्यांदा वाचली ती लोखंडाच्या कारखान्यातल्या, छापखान्यातल्या, गिरणीतल्या माणसांनी. त्यांतले कितीतरी जण एका पिढीपूर्वी खेड्यातून आलेले असणार. ते हसले ते परक्या गावाला नव्हे. बेंदेगूझ त्यांच्या घरचाच होता.

याच्या आधीचे हसणे मात्र निराळ्या जातीचे होते. त्याची हकीकत जरा सविस्तर सांगावी लागेल.

१८७५ साली बुडापेस्टमध्ये 'नेपसिनहाझ', म्हणजे लोकनाट्यगृह, उघडले. त्याच वर्षी एदे तोथ यांचे 'गावचा वाया गेलेला' या अर्थाच्या नावाचे नाटक राजधानीत रंगभूमीवर आले आणि गाजले. लुइझा ब्लाहा ही गायिका-नटी या नाटकांची राणी. तिला 'राष्ट्राची कोकिळा' म्हणत. खेड्यातले जीवन, गाणी, लाल बूट, प्रेमभंग, दारू, शेवटी समेट. शहरातला प्रेक्षक गाडीत बसून यायचा, गावाकडच्या भोळ्या चालीरीतींना हसायचा आणि डोळे पुसून घरी जायचा. गाणी गोड होती यात वाद नाही.

त्याच काळात प्रत्यक्ष खेड्यात काय चालले होते? दक्षिणेकडे होदमेझोवाशारहेय नावाचे गाव आहे. तिथे यानोश सांतो कोवाच नावाचा एक मातीकाम करणारा मजूर होता. त्याने शेतमजुरांची संघटना बांधली. १८९४ च्या एप्रिलमध्ये त्याला पकडले. सोडा म्हणून लोक जमले, तर त्यांच्यावर सैनिक सोडले. त्याला पाच वर्षांची शिक्षा झाली. १८९७ मध्ये कापणीच्या ऐन हंगामात संप झाले. १८९८ मध्ये सरकारने कायदा केला: करार केलेल्या कापणीमजुराने संप करणे हा गुन्हा, आणि त्याला पोलिसांकरवी शेतात आणून उभे करता येईल. लोकांनी त्या कायद्याचे नाव 'गुलाम कायदा' ठेवले. १९०७ मध्ये आणखी एक कायदा आला. शेतावरच्या अठरा वर्षांखालील नोकराला मालकाने शिस्त म्हणून हात लावला तर तक्रार चालू नये, अशी त्यात सोय होती. रिदेग तेव्हा चार वर्षांचा होता. पडद्यावर बेंदेगूझला सारखे फटके बसतात आणि आपण खदखदून हसतो, त्या फटक्यांना एके काळी कायद्याचे कलम होते.

रंगमंचावरचे ते गाणारे खेडे आणि हे खेडे एकाच देशात, एकाच वेळी नांदत होते.

पहिल्या महायुद्धानंतर परिस्थिती बदलायला हवी होती, ती फारशी बदलली नाही. १९३० नंतरही शंभरात एकाहून कमी जमीनदारांच्या हाती जवळपास निम्मी जमीन होती. खाली भूमिहीन आणि जवळपास भूमिहीन माणसांचा जो थर होता, त्यावरून देशालाच 'तीस लाख भिकाऱ्यांचा देश' म्हणत. ग्युला इयेश या कवीने १९३६ साली 'पुस्ताक नेपे' नावाचे पुस्तक लिहून जमीनदारांच्या वाड्यावस्त्यांवरच्या गड्यांचे जिणे जगापुढे मांडले. तो स्वतः तसल्याच वस्तीवर वाढलेला.

आणि नेमक्या याच वर्षांत खेड्यातल्या चालीरीतींना राजधानीत भलताच भाव आला. १९३१ साली बेला पाउलिनी या पत्रकाराने 'ग्यॉंग्यॉश बोक्रेता' नावाचा उपक्रम सुरू केला. मण्यांनी सजवलेला तुरा असा त्याचा अर्थ. खेड्यातले तरणे पोरगे टोपीत तो खोवीत. दर वर्षी २० ऑगस्टच्या, म्हणजे सेंट स्टीफनच्या सणाच्या सुमारास गावोगावचे शेतकरी आपापल्या पोशाखात बुडापेस्टला यायचे आणि रंगमंचावर नाचून, लग्नाचे विधी करून दाखवायचे. परदेशी पाहुणे येत, छायाचित्रे घेत. १९४४ पर्यंत हे चालले आणि सुमारे शंभर गावे त्यात आली.

मी याची सरसकट टिंगल करणार नाही. काही नाच केवळ या निमित्ताने टिकले, हे नंतरच्या संशोधकांनीही मान्य केले आहे. १९७२ मध्ये बुडापेस्टच्या तरुणांनी 'तान्सहाझ' म्हणून नाचघरांची चळवळ सुरू केली, तेव्हा शिकवायला जुने नर्तक कुठे कुठे शिल्लक होते. शिवाय गावच्या माणसाला वर्षातून एकदा आगगाडीत बसून राजधानी पाहायला मिळाली, टाळ्या मिळाल्या, हेही काही कमी नव्हे. माझी तक्रार वेगळी आहे. दुसऱ्या दिवशी तीच माणसे परत कुणाच्या शेतावर गेली, हे टाळ्या वाजवणाऱ्यांनी विचारले नाही.

उदाहरण मेझोकोवेश्दचे घ्या. मात्यो लोकांचे हे गाव. त्यांचे भरतकाम जगभर प्रसिद्ध आहे, २०१२ मध्ये युनेस्कोच्या यादीतही गेले. काळ्या कापडावर लाल, पिवळी, निळी फुले अशी दाटीवाटीने उमललेली की कापड दिसू नये. बोरी किश्यांको (१८७६–१९५४) या बाईने काढलेले नमुने तर आजही गिरवले जातात. तिचे घर आता संग्रहालय झाले आहे. पण हे गाव पोटाला काय करी? दर वसंतात गावातली हजारो माणसे, बाया आणि पोरांसकट, टोळ्या करून देशभरच्या मोठ्या जमीनदारांच्या शेतांवर सहा सहा महिने राबायला जात. टोळीवर एक मुकादम. मजुरी गव्हात आणि डुकराच्या चरबीत मोजलेली. या मजुरांना तिकडे 'शुमाश' म्हणत. हिवाळ्यात परत आल्यावर बाया व्यापाऱ्यांसाठी घरी बसून भरतकाम करीत, नगावर दाम. ज्याने विडी कामगारांची संघटना बांधली आहे त्याला नगावर दाम म्हणजे काय ते समजते.

या गावच्या लोकांना नटण्याचे वेड होते. सोनेरी जर, चमक्या, झालरी. सहा महिन्यांची कमाई पोशाखात जाते म्हणून गावच्या पाद्र्यांनी आणि प्रतिष्ठितांनी १९२० नंतरच्या दशकात या चकचकीत सामानाची जाहीर होळी करवली. भर गावात ढीग रचून जाळले. गरिबाने पैसा उधळू नये, हा उपदेश. मजुरी वाढवा, असे कुणी म्हणाल्याचे मी तरी वाचलेले नाही. गंमत अशी की चमक्या गेल्या तेव्हा बायांनी ती सगळी हौस रेशमी दोऱ्यात ओतली आणि भरतकाम पूर्वीपेक्षाही दाट झाले. आज पर्यटक ज्याचे कौतुक करतात त्या फुलांच्या गर्दीत त्या होळीचाही वाटा आहे.

चालीरीतींना असा हिशेब असतो. बाहेरून पाहणाऱ्याला फूल दिसते. दक्षिणेला द्रावा नदीच्या काठी ओर्मान्शाग म्हणून मुलूख आहे. तिथे 'एग्के', म्हणजे एकच मूल, अशी चाल पडली होती. शहरी लोकांना ती विक्षिप्त, पापी वाटे. भोवती मोठ्या जमीनदारांचा वेढा, कुळाला मिळालेला तुकडा वाढण्याची आशा नाही. दोन मुले झाली तर तुकड्याचे दोन तुकडे. त्या माणसांनी जमिनीचा उतारा पाहून पाळणा बेतला. इयेशने १९३३ मध्ये यावर लेख लिहिला तेव्हा देशात खळबळ उडाली.

१९४५ च्या मार्चमध्ये वटहुकूम निघाला आणि जमीनदाऱ्या मोडल्या. सहा लाख चाळीस हजारांहून अधिक लोकांना जमीन मिळाली. इथे माझ्यासारख्याला थांबून टाळी वाजवावीशी वाटते; मीही बरीच वर्षे एवढेच वाचून थांबलो होतो. पुढचे पान उलटायला मला एका दुसऱ्या विनोदी चित्रपटाने लावले. पेतेर बाचो यांचा 'साक्षीदार', १९६९ साली तयार झाला आणि दहा वर्षे डब्यात पडून राहिला. लोकांना दिसला १९७९ मध्ये. त्याचा नायक पेलिकान हा डॅन्यूबच्या बांधावरचा रखवालदार, जुना, निष्ठावान कम्युनिस्ट. त्याचा गुन्हा कोणता? तर त्याने घरचे डुक्कर लपून मारले.

हे समजायला चाल माहीत हवी. हिवाळ्यात पहाटे डुक्कर मारणे हा हंगेरीतल्या प्रत्येक घरचा सण. शेजारी मदतीला येतात, थंडीत दारूचा घोट होतो, दिवसभर सॉसेजे भरतात, संध्याकाळी ज्याच्या त्याच्या घरी चवीपुरते ताट पोचते. कर्जाऊ मदतीची ती एक अलिखित वही असते. १९५० च्या सुमारास सरकारने सक्तीची लेव्ही बसवली. डुक्कर मारायला परवाना, आणि चरबीचा ठरावीक हिस्सा सरकारजमा. धान्याच्या वसुलीला येणारे लोक माळ्यावरचे शेवटचे दाणेही झाडून नेत, म्हणून त्या काळाला 'माळे झाडण्याचा काळ' असे नाव पडले. पाच वर्षांपूर्वी ज्याला जमीन दिली त्याच्याच घरचा सण गुन्हा ठरला. पेलिकानच्या तळघरातले डुक्कर उघडे पाडतो तो त्याचा जुना सोबती, आता मंत्री झालेला; तोही दुष्टपणाने नाही, आपल्या सोबत्याच्या घरी लपवण्यासारखे काही असणारच नाही या भाबड्या खात्रीने. पुढे याच मंत्र्याविरुद्ध खोटी साक्ष द्यायला पेलिकानला उभे करतात.

आपल्या बाजूच्या लोकांनी केलेली गोष्ट सांगताना जीभ जड होते. पण नेपसवाच्या वाचकाला हसवणारा रिदेग आपला, आणि पेलिकानला डुकरासाठी तुरुंगात घालणारे परके, अशी वाटणी मला करता येत नाही. सक्तीची वसुली अखेर १९५६ मध्ये उठली, तीही उठाव झाल्यावर.

असो. पुन्हा फाटकवाल्याकडे येतो, कारण एक माणूस राहून गेला आहे: ती सासू. सगळे तिला 'बान्या' म्हणतात. थेरडी, चेटकीण, असा काहीसा अर्थ. हंगेरीत ल्युत्साच्या दिवशी, १३ डिसेंबरला, एक तिवई करायला घेत. रोज थोडेथोडेच काम करायचे आणि नाताळच्या आदल्या रात्री ती पुरी करायची. मध्यरात्रीच्या प्रार्थनेला चर्चमध्ये तिच्यावर उभे राहिले की गावातल्या चेटकिणी कोण ते दिसते. मग घराकडे पळत सुटायचे आणि मागे खसखस टाकत जायची. चेटकीण ती वेचत बसते. काय सुंदर कल्पना आहे! पण त्या तिवईवरून दिसायच्या त्या कोण? श्रीमंत जमीनदारीण सहसा दिसत नसावी. एकटी राहणारी, दोन पैसे राखून असणारी, तोंडाने फटकळ म्हातारी दिसत असावी. कार्निव्हलच्या दिवसांत लग्न न झालेल्या मुलींना लाकडाचा ओंडका ओढायला लावण्याची चाल होती. तीही विनोदातच मोडे. रिदेग गुराख्याच्या जागी बसून वरच्यांना हसला, पण त्याच्याही खाली कुणी होते आणि त्या बाईला तोही सर्वांबरोबर हसला. जमीन नाही, जोर नाही, पण सासू विकून टाकण्याचा बेत मात्र करता येतो.

त्या बायांनी आपला हिशेब स्वतः मांडला तेव्हा काय झाले, हेही हंगेरीच्या इतिहासात आहे. तिस्सा नदीच्या वळणातल्या नाग्यरेव आणि आसपासच्या खेड्यांत १९२९ मध्ये थडगी उकरली गेली आणि प्रेतांत सोमल सापडला. माशा मारायचे कागद पाण्यात भिजवून विष काढायचे. गावची सुईण वाट दाखवायची. नवरे, सासरे, आजारी म्हातारे. सोल्नोकच्या न्यायालयात खटले चालले, काही बायांना फाशी झाली. मी खुनाची वकिली करीत नाही. पण युद्धातून मोडून आलेला दारुडा नवरा, सुटकेची वाट नाही आणि जमिनीचा तुकडा वारसाहक्काने कुणाकडे जाणार याची रोजची भांडणे, एवढे त्या खटल्यांच्या हकीकतीत सारखे येते.

ग्योर्गी पाल्फी या तरुण दिग्दर्शकाने २००२ मध्ये तोच धागा घेऊन 'हुक्ले' हा चित्रपट ओझोरा या गावात केला. हाही विनोदी म्हणावा असाच. संवाद जवळजवळ नाहीतच. मधमाश्या, डुक्कर, शिवणयंत्रे, जेवणाची ताटे. गावातले पुरुष एकेक करून मरत जातात आणि एक शिपाई गोंधळून भोवती पाहत राहतो. बाया कामात असतात, हातातली बाटली या हातातून त्या हातात जाते. आमच्या कचेरीत हाही आम्ही लावला. या खेपेला हसले ते थोडे जपूनच, आणि बायांच्या रांगेतून हसण्याचा आवाज जरा जास्त आला. म्हातारा हमाल पुढेच बसला होता. पडद्यावर घरापुढच्या बाकावर तसलाच एक म्हातारा बसून उचक्या देत होता. 'हुक्ले' हा त्या उचकीचाच आवाज. आमच्या हमालाने मागे वळून त्याच्या बायकोकडे पाहिले आणि तिने आणलेला चहाचा पेला माझ्याकडे सरकवला.

"भाऊ," तो म्हणाला, "आधी तुम्ही घ्या."